पाट माहा नाई

मंडळी,

माझं सगळं बदललं ते गेल्या पौषात, एका दुपारी, मारोतीआप्पांच्या मळ्यात. मोजणीदारसाहेब बाजेवर बसले होते. आप्पा समोर फावड्यावर हात टेकून उभे होते. टाक माझ्या हातात होता. आप्पा म्हणाले, "लिही ना बाबू, काहून थांबला?" आणि मी लिहिलं. एकच शब्द लिहिला. त्या शब्दानंतर मी पहिल्यासारखा राहिलो नाही, आणि हे आपलं झरीचं खोरंही पहिल्यासारखं राहणार नाही.

काल आप्पांची तेरवी झाली. आज आपण शाळेच्या या खोलीत जमलो आहोत. जागा पुरत नाही म्हणून माणसं खिडकीबाहेर उभी आहेत. कामरगावहून, आसेगावहून पाहुणे आले आहेत. अध्यक्षमहाराज, आपण मला पाच मिनिटं दिली आहेत. मला त्याहून थोडी जास्त लागतील. मला बोलता येतं असा गावाचा समज आहे. कॉलेजात मी वादविवादात भाग घेत असे. पण आज ते कामाचं नाही, कारण आज वाद करायला समोर कोणी नाही. ज्यांच्याशी करायचा होता ते गेले.

एक गोष्ट आधीच सांगून टाकतो, म्हणजे मला मागे फिरता येणार नाही. उद्या दुपारी हरकतींची मुदत संपते. तोवर कोणी काही बोललं नाही, तर आप्पांनी जन्मभर राखलेला पाट बुजेल आणि त्यावरून सडक जाईल. तुम्हांला वाटतं हे वरच्या हुकुमानं झालं. नाही. ते माझ्यामुळे झालं. कसं झालं, ते सांगायला मी उभा आहे.

बाबा, तुम्ही मान खाली घालू नका. मला बोलू द्या.

आज इथे बसलेल्यांपैकी पुष्कळांना हे खोरं माहीत आहे ते स्टेशनापासून पाच मिनिटांवरची वस्ती म्हणून. कौलारू बंगल्या, निंबाची झाडं, कोपऱ्यावर पिठाची गिरणी, संध्याकाळी फिरायला जाणारी वकील-मास्तर मंडळी. पण आधी इथे काय होतं? आप्पा सांगायचे, त्यांच्या आज्याच्या काळात इथे काहीच नव्हतं. दोन्ही बाजूंना मुरमाड टेकड्या, मध्ये पळसाचं रान, आणि वरच्या अंगाला कातळातून पाझरणारी झरी. गावातले लोक इकडे फक्त ढोरं चारायला यायचे. मग अकरा घरं आली. कुठून आली, कुणी म्हणतं शिरपूरकडून, कुणी म्हणतं पैनगंगेच्या पलीकडून. त्यांनी झरीखाली दगडी कुंड बांधलं, आणि कुंडापासून खाली ओढ्यापर्यंत उताराउतारानं पाट काढला. त्या पाटाच्या दोन्ही हातांना अकरा मळे बसले. वरून तिसरा मळा आमचा. सगळ्यांत खालचा, अकरावा, आप्पांचा.

खालचा मळा म्हणजे काय, ते भाजी पिकवणाऱ्याला सांगायला नको. पाणी सगळ्यांत शेवटी तिथे पोचतं. म्हणूनच या खोऱ्यात पाटकरी नेहमी खालच्या मळ्याचा असतो. पाट साफ ठेवणारा, कोणाची पाळी कधी ते सांगणारा, भांडण सोडवणारा तो पाटकरी. त्याला पगार नाही, मान नाही. पण ज्याला पाणी शेवटी मिळतं, तोच पाटाची सगळ्यांत जास्त काळजी घेणार, असा आपल्या म्हाताऱ्यांचा हिशेब होता. मला नागपुरात अर्थशास्त्र शिकवायला एक गृहस्थ होते. त्यांना हा हिशेब मी कधी सांगितला नाही. सांगायला हवा होता.

आता पाटाची ती गोष्ट. नव्या मंडळींनी ती ऐकली नसेल, आणि ती कळल्याशिवाय पुढचं काहीच कळणार नाही.

फार मागे, वरच्या दोन मळ्यांचे सख्खे भाऊ पाण्यावरून भांडले. एक म्हणाला, पाट माझा, बापानं खोदला आणि मी थोरला. दुसरा म्हणाला, माझा, माझ्या बांधावरून जातो. दोघांनी मिळून कुंडाच्या तोंडाशी दगड टाकले. ऐन वैशाखात. खालचे नऊ मळे उभे वाळले. गायी सोडून द्याव्या लागल्या. शेवटी त्या दोघांची आई कुंडावर जाऊन बसली. अन्न नाही, पाणी नाही. दगड निघाले तेव्हा तिनं सगळ्या खोऱ्याला कुंडाशी उभं करून शपथ घ्यायला लावली, की यापुढे कोणीही पाटाला माझा म्हणणार नाही.

तेव्हापासून आपली रीत पडली. पाळी संपली की वरचा माणूस आपल्या मळ्याचं दारं बांधतो, म्हणजे पाणी आत घेणारं तोंड मातीनं बंद करतो, आणि खालच्याला हाक देतो, "घ्या हो, पाट माहा नाई!" खालचा आपलं दारं फोडतो आणि ओ देतो, "आला हो, माहाही नाई!"

गजराकाकू, तुम्ही डोळे पुसताय. मी लहानपणी याच हाकेनं जागा व्हायचो. पहाटे वरून एकेक हाक खाली यायची. दुसऱ्या मळ्यातून, तिसऱ्यातून, सातव्यातून. आणि अगदी खालून, शेवटी, आप्पांचा तो खरखरीत आवाज, "माहाही नाई!" तो आला की आई म्हणायची, चला, पाणी पोचलं.

आप्पा कसे होते, हे मी तुम्हांला काय सांगणार? तरी एक-दोन गोष्टी सांगतो. अध्यक्षमहाराज, मी मुद्द्यावरच आहे.

शिरपूरला जैनांची यात्रा असली की आपल्या खोऱ्यातून भाजीच्या बैलबंड्या जायच्या. एका वर्षी माझ्या वडिलांनी बंडीत मुळे आणि कांद्याची पात भरली. आप्पा रस्त्यात आडवे झाले. "अबे, कोनाच्या जत्रेले चालला? ते लोक जमिनीखालचं खात नाईत अन् तू त्याईच्या दारात मुळे नेऊन राह्यला?" वडील म्हणाले, "घेनार नाईत त परत आनीन, आप्पा." तर आप्पा म्हणाले, "परत आनशील, पन थ्या माउल्या नाक दाबून उभ्या राह्यतीन त्याचं काय?" सगळी बंडी उतरवून घेतली. स्वतःच्या मळ्यातली दोडकी, गवार, पालक भरून दिला. हे झालं आप्पांचं वागणं. आपला माल विकला जाईल की नाही याच्या आधी घेणाऱ्याला काय वाटेल ते त्यांना दिसायचं.

मग रेल्वे आली. स्टेशन बरोबर खोऱ्याच्या तोंडाशी झालं. त्याच्या मागोमाग सरकी काढायची जीन आली, गाठी बांधायची प्रेस आली, कापसाच्या बंड्यांची रांग लागली. जीनमधले कारकून, स्टेशनातले बाबू, कचेरीतले वकील, सगळ्यांना घरं हवी झाली. गावात दाटी. खोरं जवळ, हवा चांगली, झरीचं पाणी गोड. पहिली बंगली बांधली ती वरच्या टेकडीच्या उतारावर. तेव्हा खोऱ्यातली काही तापट मंडळी म्हणाली, याला बांधू द्यायचं नाही. आप्पा म्हणाले, "काहून? मानूस येऊन राह्यला, वाघ नाई. मानसं आली त भाजी खातीन." आणि खरंच, आपली भाजी बाजारात जायच्या आधी दारात विकली जाऊ लागली.

मंडळी, आप्पा सुधारणेच्या आड कधीच आले नाहीत. हे आज मुद्दाम सांगतो, कारण उद्या कोणी म्हणेल, म्हातारा जुन्या वळणाचा होता. ज्या खोलीत आपण बसलो आहोत ती कोणाच्या जागेवर आहे? आप्पांच्या मळ्याच्या कोपऱ्यावर. इथे वांग्यांचे वाफे होते. मास्तर जागा मागायला आले, तर आप्पांनी उभी वांगी उपटली. मास्तर म्हणाले, अहो, पीक तरी काढून घ्या. आप्पा म्हणाले, "पोट्टे पावसाळ्याच्या आंधी बसले पाह्यजेत. वांग्याचं काय, थे पुन्हा होते." याच फळ्यावर मी मुळाक्षरं गिरवली. त्यांना मात्र शेवटपर्यंत सही करता आली नाही. अंगठा उठवायचे आणि बोटाची शाई धोतराला पुसायचे.

त्यांची एकच अट होती. "घरं येऊ द्या, सडक येऊ द्या, कंदील येऊ द्या. पन पान्याले वाट द्या." अकरापैकी चार मळे विकले गेले, तिथे प्लॉट पडले. त्या चौघांना त्यांनी एका शब्दानं बोल लावला नाही. पण प्रत्येक घरमालकाकडे जाऊन हात जोडून सांगितलं, बाप्पा, पाटावर ओटा बांधू नका. आणि कोणी बांधला नाही. अध्यक्षमहाराज, आपणही बांधला नाहीत. आपलं फाटक पाटापासून दोन हात मागे आहे, हे मी रोज पाहतो.

आता माझं.

हे सांगू नये. मला कळतं. पण हे गाळलं तर उरलेलं सगळं खोटं होईल.

मला नागपूरच्या कॉलेजात पाठवलं तेव्हा खोऱ्यातल्या अकराही घरांनी स्टेशनवर येऊन निरोप दिला. खोऱ्यातला पहिला कॉलेजात जाणारा मुलगा! आप्पांनी सांभाराच्या हिरव्यागार जुड्या आणि मिरच्यांची अख्खी टोपली डब्यात चढवली. मी म्हणालो, आप्पा, मी खानावळीत जेवणार, हे कोणाला देऊ? ते म्हणाले, "खानावळवालीले दे. तुले दोन पोळ्या जास्त वाढीन."

आणि मी दीड वर्षात परत आलो. गावाला सांगितलं, तब्येत बरी नाही. तब्येतीला काही झालेलं नव्हतं. पुस्तक उघडलं की अक्षरांच्या जागी हे खोरं दिसायचं, पाटाच्या कडेनं डोक्यावर पाटी घेऊन जाणारी एक मुलगी दिसायची. तिला यातलं काहीही ठाऊक नव्हतं. मी तिच्याशी कधी शब्द बोललो नाही. ही गोष्ट मी इथे सगळ्यांसमोर शपथेवर सांगतो. मी सरळ तिच्या वडिलांकडे गेलो. ते वाफ्यात वाकून मेथी काढत होते. मी उभ्याउभ्याच सांगितलं, आप्पा, मला तुमची मुलगी द्या.

ते उठले नाहीत. म्हणाले, "कालेज किती वर्साचं असते?"

"चार."

"तू किती केलं?"

"दीड."

"मंग बाबू, तू अर्ध्या पाळीत दारं सोडून आला. असं पानी ना तुह्या वाफ्यात जाते ना खालच्याच्या. जाय, पाळी पुरी कर. मंग ये."

"आणि तोवर?"

"तोवर मी कोठी पळून चाललो?"

मंडळी, आज मला या बोलण्यात होकार ऐकू येतो. त्या दिवशी फक्त अपमान ऐकू आला. माझं डोकं असंच आहे, तुम्हांला ठाऊक आहे. मी त्यांना म्हणालो, "मी परत जाणार नाही. तुम्हांला माणूस नको, कागद पाहिजे." आणि मेथीच्या वाफ्यातून, मेथी तुडवत निघून आलो. नागपूरला गेलो नाही. हट्टानं गेलो नाही. मार्गशीर्षात लग्न होऊन ती कामरगावला गेली. ती सुखात आहे. माझं मन कुठे आहे ते माझं मी पाहीन, त्याचा भार कोणावर नाही.

परवा, तेरवीच्या आदल्या दिवशी, आमच्या वरच्या मळ्यातल्या गजराकाकूंनी मला विहिरीपाशी गाठून सांगितलं, "थ्यानं पोरीसाठी आलेले दोन ठिकानं परतवले होते रे, पोट्ट्या. सहा मयने तुही वाट पाह्यली. आमाले म्हने, येईन थो, डोकं शांत झालं का येईन."

मला हे माहीत नव्हतं. माहीत असतं तर? कोण जाणे. मी स्वतःला फारसं चांगलं समजत नाही आता.

पौषात मोजणी आली. सडका आखायच्या, प्लॉट पाडायचे, म्हणून सगळ्या खोऱ्याचा नकाशा व्हायचा होता. मोजणीदारसाहेब परगावचे, सरळ मनाचे. त्यांना लिहिणारा हवा होता. इंग्रजी येणारा रिकामा माणूस खोऱ्यात एकच होता. मी मोजणीच्या साखळीमागून वही घेऊन हिंडू लागलो. वहीत रकाने होते. मळा कोणाचा, विहीर कोणाची, झाडं कोणाची, पाट कोणाचा. आणि शेवटचा रकाना शेऱ्याचा.

पहिल्या मळ्यात साहेबांनी विचारलं, "पाट कोणाचा?" भगवानकाका छाती काढून म्हणाले, "पाट माहा नाई, साहेब." अभिमानानं म्हणाले. दुसऱ्या मळ्यात गजराकाकूंनी पदर सावरून तेच सांगितलं. तिसऱ्यात माझ्या वडिलांनी. मंडळी, तुमच्यापैकी प्रत्येकानं सांगितलं, मळे विकलेल्या चौघांनीही, साहेबांनी त्यांना मुद्दाम बोलावून विचारलं तेव्हा. तुम्हांला वाटलं, साहेब आपली सचोटी तपासताहेत. आज्यापणज्यांची शपथ सरकार विचारतं आहे, आणि आपण ती राखली, असं तुम्हांला वाटलं. मी एकेका मळ्यापुढे लिहीत गेलो. नाही. नाही. नाही.

मला ठाऊक होतं. पहिल्या मळ्यातच ठाऊक होतं. कचेरीत या शब्दाचा अर्थ काय होतो, ते मी त्याआधी दोन आठवडे प्लॉटांच्या वह्या लिहून पुरतं शिकलो होतो. ज्याचा कोणी मालक नाही ते बेवारस. बेवारस ते सरकारी. सरकारी पट्टी सरळ, स्टेशनापासून टेकडीपर्यंत जाणारी. सडकेला याहून चांगली जागा कुठली?

मी का बोललो नाही? दहाव्या मळ्यापर्यंत मी स्वतःला सांगत होतो, अकराव्यात बोलू. अकराव्यात आप्पा आहेत, तिथे बोलू. आणि अकराव्या मळ्यात पाय ठेवला तो त्याच मेथीच्या वाफ्याशी. घराच्या दारावर लग्नाचं तोरण अजून लोंबत होतं, वाळलेलं. ते पाहिलं आणि मी बोलणं सोडून वहीचं पान उलटलं.

साहेबांनी विचारलं, "पाट कोणाचा?" आप्पा हसले. "माहा नाई, साहेब. मी पाटकरी आहो, पन पाट माहा नाई." टाक थांबला होता. त्यांनीच मला घाई केली, "लिही ना बाबू."

लिहिलं.

मग साहेब माझ्याकडे वळले. त्यांनी त्यांचं काम चोख केलं. म्हणाले, "तुम्ही इथलेच ना? अकराच्या अकरा नाही म्हणतात, हे नवल आहे. काही रीत वगैरे असेल तर शेऱ्यात घाला." मंडळी, दार उघडंच होतं. मला फक्त आत पाऊल टाकायचं होतं. दोन ओळी लिहायच्या होत्या.

मी म्हणालो, "काही नाही." शेऱ्याच्या रकान्यात माझ्या अक्षरात लिहिलं आहे, काही नाही. खाली माझी सही आहे. इंग्रजीत. वळणदार.

माघात नोटीस आली. आप्पा ती घेऊन आमच्या घरी आले. ओट्यावर बसले. म्हणाले, "वाच." मी वाचली. "बेवारस म्हंजे काय रे?" मी म्हणालो, ज्याचा मालक नाही ते. ते आधी हसले. "मंग बरोबर हाय. मालक नाईच." नंतर हसू हळूहळू गेलं. ते पाटाकडे वळले. आणि मग त्यांनी मला विचारलं, अगदी सहज विचारलं, "तुले मालूम होतं का बाबू, असं होते म्हून?"

मी म्हणालो, "नाही, आप्पा."

ते म्हणाले, "मंग ठीक हाय. तुले मालूम असतं त तू सांगतलं असतं."

मंडळी, त्यांनी मला शिवी दिली असती, फावडं उगारलं असतं, तरी मी आज असा उभा राहिलो नसतो. त्यांनी माझ्यावर विश्वास ठेवला. मुलगी नाकारली म्हणून ज्यानं त्यांच्यावर डूख धरला होता, त्यानं खोटं बोलावं हे त्यांच्या मनातही आलं नाही.

आम्ही दोघं कचेरीत गेलो. तिथल्या साहेबांनी ऐकून घेतलं, वाईट वागले नाहीत. म्हणाले, "तुमची हरकत काय? पाट तुमचा आहे असं म्हणता का? तसं म्हणा, मी लिहून घेतो."

आप्पांचे ओठ हलले. मी त्यांच्या शेजारी उभा होतो, मी पाहिलं. सत्तरीचा माणूस घामाघूम झाला. आयुष्यात रोज पहाटे ज्याला नाही म्हटलं त्याला हो कसं म्हणणार? ते हात जोडून म्हणाले, "साहेब, थे काई मले म्हनता येनार नाई." आणि मागे फिरले. मी तेव्हा तरी तोंड उघडायचं! तोंड उघडलं असतं तर माझी सही निघाली असती. मी त्यांच्यामागून बाहेर पडलो. वाटेत ते एवढंच म्हणाले, "माहा नाई, हे खरं हाय. पन कोनाचाच नाई, हे कसं खरं असन?"

त्याच आठवड्यात त्यांना ताप भरला. पुढचं तुम्हांला माहीत आहे.

अध्यक्षमहाराज, आपण घंटीला हात लावलात. वाजवू नका. मी संपवतो.

आपण मघाशी सुचवलंत की या वस्तीला आप्पांचं नाव द्यावं. मारोतीपुरा. टाळ्या वाजल्या नाहीत, शोकसभा आहे म्हणून, पण माना डोलल्या. आपला हेतू चांगला आहे. आपण आप्पांच्या हातची भाजी वर्षानुवर्षं खाल्ली, त्यांच्या आजारात डॉक्टर आपल्याच टांग्यातून आला. मी आपल्याशी भांडत नाही. पण पाट बुजवून वर नाव लावायचं? पन्नास वर्षांनी लोक म्हणतील, इथे हनुमंताचं देऊळ असेल. नाव नको. सात मळे अजून हिरवे आहेत, त्यांना पाणी पाहिजे.

आणि आपण मला सकाळी समजावलंत, वकील म्हणून समजावलंत, की त्यांनी जे सांगितलं तेच तू लिहिलंस, कायद्यानं तुझा दोष नाही. असेल. पण "काही नाही" हे मला कोणी सांगितलं नव्हतं. ते माझं स्वतःचं आहे.

बाप्पा हो, आता तुम्हांला सांगतो. मी आत्ता इथून कचेरीत चाललो आहे. शेऱ्यात मी जाणूनबुजून खोटं लिहिलं, असं माझ्या सहीनं लिहून देणार आहे. अर्ज माझ्या खिशात आहे. त्याचं जे होईल ते होईल. मोजणीतली ही लिहिण्याची नोकरी जाईल, कदाचित त्याहून जास्त काही होईल. पण माझ्या एकट्याच्या कागदानं पाट वाचणार नाही. साहेब पुन्हा तुम्हांलाच विचारतील, पाट कोणाचा? आणि तुम्ही पुन्हा म्हणाल, माहा नाई. तुमची जीभ वळणार नाही. आप्पांचीही वळली नाही.

माझा म्हणू नका. शपथ मोडू नका. पण त्या माउलीनं कुंडावर बसून 'माझा' म्हणायला मनाई केली होती, 'आमचा' म्हणायला नव्हती. आपल्यापैकी कोणीच तो शब्द कधी उच्चारला नाही, कारण कधी गरजच पडली नाही. आता पडली आहे. ज्यांनी मळे विकले त्यांनीही कचेरीत यावं. तुमचे बाप त्याच पाण्यावर वाढले. तुम्ही आलात तर मला माफ केलंत असा अर्थ मी काढणार नाही.

आप्पांच्या लेकीला, ती बायकांच्या बाजूला बसली आहे, मला एवढंच सांगायचं आहे, की तुझ्या बापाला मी फसवलं. तू यातली कोणी नव्हतीस. तुझ्यामुळे काही झालं नाही, माझ्या स्वभावामुळे झालं. आणि आप्पांना, जिथे असतील तिथे, माझा दंडवत. आप्पा, मला मालूम होतं.

आता सभेच्या रीतीप्रमाणे आपण उभे राहून दोन मिनिटं शांत राहा. मी थांबत नाही, कचेरी बंद व्हायच्या आत पोचायला हवं. तुम्ही ऐकताय ना, बाहेर पाटाच्या काठावर मुरमाच्या बंड्या रित्या होताहेत? उद्याची तयारी. तो आवाज आत आला तर तुमची शांतता मोडेल. म्हणून जाताना मी दार लावून घेतो. ज्याला तो आवाज ऐकवणार नाही त्यानं आत बसावं. ज्याला ऐकायचा असेल, त्यानं दार उघडून माझ्यामागून यावं.

उठा, मंडळी. उभे राहा.

हे दार लावलं.